आजीचा अंदाज कॅमेऱ्यात कसा पकडायचा

प्रिय बाळा,

आजीला ‘तिखट किती?’ विचारलं की ती ‘अंदाजाने’ एवढंच म्हणते, मग माहितीपटात बिरड्याची, म्हणजे मोड आणून सोललेल्या वालांच्या उसळीची, कृती दाखवू कशी, असं तू विचारलंस. आजी काही लपवत नाही गं. तिचं माप हातात आहे. तिला चमचा देऊ नकोस. चमचा दिसला की हात बिचकतो आणि भलतंच प्रमाण पडतं. तिखटाचा डबा आधी वजनकाट्यावर ठेव, तिने घेतल्यावर पुन्हा ठेव. मधला फरक म्हणजे तिचा अंदाज. मीठ, गूळ, खोबरं, सगळ्याला हेच. हळद-हिंग मात्र घरच्या काट्याला कळत नाही, तिथे चिमटीचाच क्लोजअप घे.

शूटिंग तीन दिवसांचं धर. ठाण्यात जांभळी नाक्यावरून पाव किलो कडवे वाल आण. सोललेलं बिरडंही मिळतं, पण ते आणलंस तर अर्धी फिल्म तिथेच गेली. वाल रात्री भिजत घालायचे, सकाळी उपसून फडक्यात बांधायचे, दुसऱ्या सकाळी मोड येतात. फोटोसाठी फडकं सारखं उघडू नकोस, मोड सुकतात. पावसाळ्यात ठाण्याच्या दमट हवेत वाल चिकट होतात, वास मारायला लागतात. मध्ये एकदा धुऊन फडकं बदलायचं. मोड आले की अर्धा तास कोमट पाण्यात. पाणी कढत असलं तर दाणे सोलतानाच फुटतात.

सोलणं हा तुझा मुख्य सीन. चिमटीत दाबलं की दाणा सालातून टुपकन बाहेर येतो. फोन आजीच्या खांद्यामागून लाव, म्हणजे तिचे हात तिला दिसतात तसेच दिसतील. तो ‘टुप’ ऐकू यायचा तर पंखा आणि फ्रिज बंद हवा (फ्रिज नंतर आठवणीने चालू कर, नाहीतर माझ्या नावाने फोन येईल). माइक पदराच्या पिनेजवळ लाव, मनगटाजवळ बांगड्याच वाजत राहतील.

अमेरिकेतून नेलेला फोन सेकंदाला 30 फ्रेमवर असतो. भारतातली वीज 50 हर्ट्झची, त्यामुळे ट्यूबलाइटखाली चित्रात पट्टे सरकतात. 25 फ्रेम आणि शटर 1/50 सेकंद कर. व्हाइट बॅलन्स (उजेडाप्रमाणे रंग जुळवणारं सेटिंग) तेही लॉक कर, नाहीतर हळद प्रत्येक शॉटमध्ये निराळी दिसेल.

शिजताना पातेल्यावर पाण्याची ताटली असते. तेच गरम पाणी लागेल तसं आत जातं. कुकरमध्ये लगदा होतो. आमसूल वाल शिजल्यावरच. आंबट आधी पडलं तर दाणे दडदडीत राहतात. आजी डाव न घालता पातेलं हलवते, तो शॉट चुकवू नकोस. फोन वाफेवर धरू नकोस, बाजूने घे.

सबटायटलमध्ये ‘बीन्स करी’ लिहू नकोस. सीकेपी (चांद्रसेनीय कायस्थ प्रभू) घरात हे बिरडं, ब्राह्मणांकडे बहुधा डाळिंब्या, मसालाही वेगळा. आजी म्हणते तोच शब्द ठेव. आणि श्रावणी सोमवारी शूट केलंस तर कांदा-लसूण नसेल. तसं फिल्ममध्ये सांग, नाहीतर बघणाऱ्याला तीच रोजची कृती वाटेल.

प्रश्न सोलताना विचार, हात गुंतले की आजी मोकळी बोलते. फोडणीच्या वेळी मात्र गप्प बस.

तुझी आई