लढाईत सेनापती ऐनवेळी निर्णय कसे घेतात?
अर्धवट माहितीवर. सगळं कळेपर्यंत थांबायला वेळच नसतो. म्हणून राखीव तुकडी कुठे, माघारीची वाट कोणती, मुख्य हेतू काय, हे आधीच ठरलेलं असतं. हेतू हाताखालच्यांना पक्का माहीत असेल, तर संपर्क तुटला तरी ते अडत नाहीत.

आपल्या नागपुरातलीच सीताबर्डीची लढाई घ्या. २६ नोव्हेंबर १८१७ च्या संध्याकाळी पेटली. दुसऱ्या दिवशी सकाळी छोट्या टेकडीवर इंग्रजांच्या दारूगोळ्याचा स्फोट झाला आणि त्या गोंधळात नागपूरचे राजे आप्पासाहेब भोसले यांच्या पदरच्या अरब सैनिकांनी ती टेकडी घेतली. खाली इंग्रजांचा कॅप्टन फिट्झगेराल्ड घोडदळ घेऊन उभा होता. त्याने हल्ल्याची परवानगी मागितली, त्याचा वरिष्ठ कर्नल स्कॉटने नाकारली. पुन्हा विचारल्यावर 'स्वतःच्या जबाबदारीवर कर' असा निरोप आला. तो तुटून पडला, तोफा घेतल्या आणि लढाई फिरली. भोसल्यांकडे माणसं कितीतरी जास्त होती, हे अजून मनाला लागतं.

स्कॉट भित्रा होता असं मात्र मी म्हणणार नाही. त्याच्याकडे घोडदळ थोडंच होतं, ते गमावलं असतं तर हाती काही उरलं नसतं. त्याच टेकडीवरचा सीताबर्डीचा किल्ला २६ जानेवारी आणि १५ ऑगस्टला लोकांसाठी उघडतात. वर उभं राहून खालचा उतार एकदा बघाच.