दोन कामांमधील संधी-खर्च कसा काढावा?

आपण विचारले आहे की, मावशी तासाभरात ६० चकल्या किंवा ३० करंज्या करतात आणि आपण २० चकल्या किंवा २० करंज्या करता. त्या दोन्हींत सरस असताना आपण कोणते काम घ्यावे?

संधी-खर्च म्हणजे एक काम निवडल्यामुळे जे दुसरे सोडावे लागते ते; तो येथे रुपयांत किंवा मिनिटांत नव्हे, तर सोडून दिलेल्या पदार्थाच्या नगांत मोजावा. मावशींनी तासभर करंज्या केल्या तर ६० चकल्या राहून जातात, म्हणून त्यांच्या एका करंजीचा खर्च ६० भागिले ३०, म्हणजे २ चकल्या येतो. आपला मात्र २० भागिले २०, म्हणजे १ चकली. चकलीचा खर्च याच्या व्यस्त असतो: त्यांना अर्धी करंजी, आपल्याला एक. त्यामुळे दोन्ही पदार्थ एकाच व्यक्तीला स्वस्त पडणे शक्यच नसते. करंज्या आपण घ्याव्यात.

पडताळा घेऊन पाहा. मावशींनी अर्धा तास करंज्यांऐवजी चकल्यांना दिला तर १५ करंज्या घटतात व ३० चकल्या वाढतात. त्या १५ करंज्या आपण पाऊण तासात भरून काढल्या तर आपल्या १५ चकल्या कमी होतात. करंज्या तेवढ्याच राहून १५ चकल्या अधिक मिळतात.

विद्यार्थी हमखास चुकतात ते माहिती वेळेच्या रूपात दिली असता. मावशींना चकलीला १ मिनिट आणि करंजीला २ मिनिटे लागतात असे दिले, तर भागाकार उलटतो: ज्या पदार्थाचा खर्च काढायचा त्याचाच वेळ वर लिहावा लागतो. अर्थशास्त्रज्ञ डेव्हिड रिकार्डो यांनी १८१७ मध्ये दिलेले प्रसिद्ध उदाहरण याच रूपातले आहे. ठरावीक कापडासाठी इंग्लंडला १०० आणि पोर्तुगालला ९० माणसांचे वर्षभराचे श्रम लागतात, ठरावीक वाइनसाठी अनुक्रमे १२० आणि ८०. पोर्तुगाल दोन्हींत सरस आहे, तरीही वाइनचा खर्च त्याला ८० भागिले ९०, म्हणजे कापडाच्या एका मापाहून कमी पडतो आणि इंग्लंडला १.२ मापे, म्हणून इंग्लंडने कापडच करावे, असे उत्तर येते.

एक अट मात्र पाळावी. हा हिशेब एक काम करताना दुसरे थांबते असे धरून चालतो. चकल्यांचा घाणा मंद आचेवर तळला जात असताना मावशी करंज्या भरत असतील, तर त्या करंज्यांसाठी एकही चकली सोडावी लागत नाही, आणि तेवढ्यापुरता त्यांचा संधी-खर्च शून्य धरावा.