‘कोटात जाणे’ आणि हॉर्नबी रोड

जुन्या मुंबईविषयीच्या मराठी लेखनात ‘तो रोज कोटात कामाला जाई’ अशा धाटणीची वाक्ये आढळतात. त्यातला ‘कोट’ कोणता आणि हा शब्द पुढे मागे का पडला, असा प्रश्न आला आहे.

अंगात घालायचा कोट इंग्रजीतून आला. त्याचा येथे संबंध नाही. ‘भुईकोट’, ‘परकोट’ यांत दिसणारा, तटबंदी या अर्थाचा जुना शब्द तो हाच. अपोलो गेट, चर्चगेट आणि बाजारगेट हे दरवाजे असलेली इंग्रजांची मुंबई खरोखरच एक भुईकोट होती आणि ‘कोटात’ व ‘कोटाबाहेर’ हा भेद त्या काळी डोळ्यांना दिसणारा होता. गोविंद नारायण माडगावकरांचे ‘मुंबईचे वर्णन’ हे पुस्तक १८६३ साली प्रसिद्ध झाले, ते गव्हर्नर बार्टल फ्रिअर यांच्या कारकिर्दीत, म्हणजे हा तट पाडला जात होता त्याच सुमारास.

तट गेल्यावर आतला एक साधा रस्ता रुंद झाला. १७७१ ते १७८४ या काळात गव्हर्नर असलेल्या विल्यम हॉर्नबी यांचे नाव त्याला होते. त्याच्या दक्षिण टोकाला १८६४ मध्ये फ्लोरा फाउंटन उभे राहिले, उत्तरेला बोरीबंदरचे भव्य स्थानक आले, आणि १८९६ मध्ये सरकारने इमारतींच्या तळमजल्यावर पादचाऱ्यांसाठी सलग कमानी राखण्याचा नियम घातला. पावसाळ्यात आजही त्या कमानींखालून बराच पल्ला कोरडा गाठता येतो, हे त्या नियमाचेच देणे. स्वातंत्र्यानंतरचे ‘दादाभाई नवरोजी मार्ग’ हे नाव पाट्यांवर पूर्ण असले, तरी बोलण्यात त्याचे ‘डी. एन. रोड’च झाले.

माझ्या मते ‘कोट’ मागे पडण्याचे एक कारण याच बदलात आहे. ओलांडायला वेसच उरली नाही, तेव्हा आत-बाहेर सांगणाऱ्या शब्दाचे काम सरले. उरले ते वस्तीचे विशेषनाम, आणि त्यासाठी कचेऱ्यांमध्ये रुळलेले ‘फोर्ट’ पुरेसे होते. दरवाजे मात्र नावांतून टिकले: चर्चगेट स्थानकाच्या नावात दरवाजा आहे, पण दरवाजा नाही.

त्या काळाविषयी लिहिताना ‘कोट’ याऐवजी ‘किल्ला’ लिहू नये, कारण कोटाच्या आत बॉम्बे कॅसल नावाचा निराळा किल्ला होता आणि दोहोंची सरमिसळ होते.