पहिल्या ऑर्डरवर सही करण्याआधी

अनेक आशीर्वाद.

मोठ्या टेक्नॉलॉजी कंपन्या उभ्या करणाऱ्यांबद्दल काय वाचावं, असं तू विचारलंस आणि सोबत तुला आलेल्या पहिल्या मोठ्या ऑर्डरचा मसुदाही जोडलास. २०० कंट्रोलर, नगाला ४,००० रुपये, पैसे ६० दिवसांनी, आणि शेवटी बारीक अक्षरात ‘डिझाइनचे सर्व हक्क खरेदीदाराकडे’. दोन्ही गोष्टींचं उत्तर एकत्रच देतो. संस्थापकांचं बालपण, स्वभाव, गॅरेज हे सगळं सावकाश वाच. आधी त्यांची पहिली ऑर्डर शोधून काढ. माल कोणी घेतला, कोणत्या दराने, पैसे कधी हातात आले आणि केलेल्या कामावर मालकी कोणाची राहिली, हे बघ. कंपनीची पुढची वाट बऱ्याचदा तिथेच पडलेली असते.

ॲपलचं घे. १९७६ मध्ये कॅलिफोर्नियात माउंटन व्ह्यूच्या ‘बाइट शॉप’ या कॉम्प्युटर दुकानाचे मालक पॉल टेरेल यांनी कॉम्प्युटरचे ५० सर्किट बोर्ड मागितले, प्रत्येकी ५०० डॉलरना, माल मिळाल्याबरोबर रोख. म्हणजे २५,००० डॉलरची ऑर्डर. अट एकच होती, बोर्ड पूर्ण जोडलेले हवेत. सुट्या भागांसाठी सुमारे १५,००० डॉलर लागणार होते आणि जॉब्स-वॉझ्नियॅक या संस्थापक जोडीकडे ते नव्हते. ओळखीतून ५,००० डॉलर उसने मिळाले. सुटे भाग विकणाऱ्याने टेरेल यांच्याकडून ऑर्डर खरी असल्याची खात्री करून घेतली आणि ३० दिवसांच्या उधारीवर भाग दिले. यातली मेख नीट बघ. उधारी ३० दिवसांची आणि गिऱ्हाइकाचे पैसे रोख, त्यामुळे ३० दिवसांच्या आत बोर्ड जोडून पोचवले की पुरवठादाराचे पैसे गिऱ्हाइकाच्याच पैशांतून फिटतात. हेच टेरेल यांनी ६० दिवसांनी पैसे देतो म्हटलं असतं, तर वॉझ्नियॅकचा बोर्ड कितीही सुरेख असला तरी महिनाअखेर दोघं अडकले असते.

आता तुझा हिशेब मांडू. तू लिहिल्याप्रमाणे सुटे भाग नगाला २,३०० रुपये, म्हणजे ४,६०,००० रुपये, आणि त्यावर १८ टक्के जीएसटी ८२,८००. नवख्या गिऱ्हाइकाला पुरवठादार उधारी देत नाहीत, तेव्हा हे पैसे आधी जाणार. जोडणी आणि टेस्टिंगची मजुरी नगाला ३०० धरली तर ६०,०००. तुझं बिल ८ लाखांचं, त्यावर जीएसटी १,४४,०००. भागांवर आधीच भरलेल्या कराची वजावट (क्रेडिट) धरून ६१,२०० रुपये पुढच्या महिन्याच्या २० तारखेपर्यंत भरावेच लागतात, गिऱ्हाइकाने दमडी दिलेली नसली तरी. एकूण ६,६४,००० रुपये अडकतात. किती दिवस? भाग यायला २५, जोडणी-टेस्टिंगला २०, गिऱ्हाइकाच्या तपासणीला १०, वर ६०. म्हणजे ११५ दिवस, तेही सगळं वेळेवर झालं तर. कागदावर २,८०,००० रुपये सुटताना दिसतात, पण त्यातून भाडं, बदलून द्यावे लागणारे नग आणि ११५ दिवसांचं व्याज जायचं आहे.

म्हणून पहिली मागणी ॲडव्हान्सची कर. ५० टक्के ऑर्डरसोबत, ४० टक्के माल निघण्याआधी तुझ्याकडे येऊन तपासल्यावर, १० टक्के बसवल्यानंतर ३० दिवसांनी. नाही म्हणाले तर ५०-५० नगांच्या चार खेपा माग आणि आधीच्या खेपेचे पैसे आल्याशिवाय पुढची निघणार नाही असं ऑर्डरमध्येच लिहून घे. अडकणारी रक्कम १,६६,००० वर येते. ‘महागडे भाग आम्हीच घेऊन देतो, तू फक्त जोडून दे’ असा तिसरा पर्याय ते सुचवतील. रोख वाचते, पण तू मजुरीवर काम करणारा कारखाना होऊन बसतोस. तो पर्याय अगदी नाइलाज असेल तरच घे.

६० दिवसांची अट तर कायद्यातच बसत नाही. उद्यम ही छोट्या उद्योगांसाठीची सरकारी नोंदणी ऑनलाइन आणि मोफत होते. माल पाठवण्याआधी ती करून टाक, नंतर केलीस तर वाद होतात. सूक्ष्म किंवा लघु उत्पादक म्हणून नोंदणी असली की २००६ च्या सूक्ष्म, लघु आणि मध्यम उद्योगांच्या (एमएसएमई) कायद्यानुसार लेखी करार असूनही मुदत ४५ दिवसांच्या पुढे नेता येत नाही, आणि करार नसेल तर १५ दिवस. मुदत माल स्वीकारल्यापासून मोजतात. माल पोचल्यावर १५ दिवसांत लेखी हरकत आली नाही, तर पोचल्याचा दिवसच स्वीकारल्याचा धरतात. म्हणून माल पोचवल्याच्या चलनावर तारीख आणि सही-शिक्का हवाच. उशीर झाला तर रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटच्या तिप्पट दराने, दरमहा चक्रवाढ व्याज. पहिल्याच गिऱ्हाइकाला व्याजाची नोटीस कोणी पाठवत नाही, हे मलाही कळतं. पण मुदत चुकवून ठेवलेली रक्कम, ती प्रत्यक्ष देईपर्यंत, आयकरात खर्च म्हणून दाखवता येत नाही, हे त्यांच्या अकाउंट्स विभागाला पक्कं माहीत असतं. खरेदी विभागाशी भांडण्यापेक्षा अकाउंट्सच्या माणसाशी बोल.

दराबद्दल थोडं. एचपी कंपनीचे संस्थापक ह्यूलेट आणि पॅकार्ड यांनी १९३९ च्या सुमारास आपल्या पहिल्या ऑडिओ ऑसिलेटरची, म्हणजे ध्वनियंत्रणा तपासण्याच्या यंत्राची, किंमत ५४.४० डॉलर ठेवली. त्या प्रकारचं दुसरं यंत्र ४०० डॉलरच्या आसपास होतं. पुढे कळलं की या दरात आपल्याला ते बनवायलाच परवडत नाही. डिस्ने स्टुडिओने आठ नग घेतले ते सुधारित मॉडेलचे, ७१.५० डॉलरच्या दराने. हुशार इंजिनिअर इथे हमखास चुकतात. भागांची किंमत धरतात. टेस्टिंगला लागणारे तास, खराब निघालेले नग, पॅकिंग आणि वॉरंटी सोडून देतात. २० नग स्वतः बनवून प्रत्येकाला लागलेला वेळ लिहून काढ, मग दर सांग. बारीक भाग पाच टक्के जास्तच मागव. चार रुपयांच्या कनेक्टरपायी अख्खी खेप अडकते.

जास्त नग म्हटलं की दर उतरवायचा, हाही ठोकताळा तपासून बघ. सोनीचे अकिओ मोरिता ट्रान्झिस्टर रेडिओ घेऊन अमेरिकेत फिरत होते, तेव्हा एका मोठ्या दुकानसाखळीने ५,००० पासून १,००,००० नगांपर्यंतचे दर मागितले. मोरितांनी १०,००० ला दर सर्वांत कमी लावला आणि तिथून पुढे चढवत नेला. एक लाखाचा दर ५,००० च्याही वर. कारण साधं होतं. एक लाख रेडिओंसाठी कारखाना वाढवायचा, माणसं घ्यायची, आणि पुढच्या वर्षी ऑर्डर आली नाही तर त्या सगळ्यांचं काय करायचं? गिऱ्हाइकाने १०,००० घेतले. बुलोव्हा या घड्याळांच्या कंपनीची एक लाखाची ऑर्डर तर मोरितांनी सरळ नाकारली, कारण रेडिओवर नाव बुलोव्हाचं लावायचं होतं. मला हा सगळ्या इतिहासातला सर्वांत धाडसी नकार वाटतो.

आता ते बारीक अक्षरातलं कलम. बिझिकॉम या जपानी कंपनीने १९६९ मध्ये इंटेलला कॅल्क्युलेटरच्या चिप बनवायला दिल्या, आणि करारानुसार हक्क बिझिकॉमकडे होते. इंटेलच्या टेड हॉफ यांनी डझनभर चिपऐवजी चार चिपची रचना मांडली, फेडेरिको फाजिन यांनी बिझिकॉमच्या मासातोशी शिमा यांच्यासोबत ती सिलिकॉनवर उतरवली. त्यातली मुख्य चिप म्हणजे ४००४ हा मायक्रोप्रोसेसर. नंतर बिझिकॉम अडचणीत आली आणि दर कमी करा म्हणू लागली. इंटेलने सवलत दिली, पण बदल्यात कॅल्क्युलेटर सोडून इतर कामांसाठी ही चिप विकण्याचा हक्क मागून घेतला. नोव्हेंबर १९७१ मध्ये ४००४ बाजारात आली. मायक्रोसॉफ्टने आयबीएमला डॉस ही ऑपरेटिंग सिस्टिम दिली तेव्हा दुसऱ्या कंपन्यांना ती विकण्याचा हक्क स्वतःकडेच ठेवला होता, आणि आयबीएमसारखी यंत्रं बनवणारे पुढे आले तेव्हा त्यातल्या बहुतेकांनी डॉस मायक्रोसॉफ्टकडूनच घेतली.

तुझ्यासाठी याचा अर्थ असा की ‘सर्व हक्क’ काढून ‘खरेदीदाराच्या कारखान्यात वापरण्याचा कायमस्वरूपी परवाना’ असं घालायला सांग. त्यांना प्रतिस्पर्ध्याची भीती असेल तर त्यांच्या धंद्यापुरती एका वर्षाची मक्तेदारी दे, आणि तीही ठरलेले नग उचलले तरच. आणखी एक गोष्ट आधी निस्तर. तुझं फर्मवेअर, म्हणजे कंट्रोलरच्या आतला प्रोग्रॅम, मित्राने ठोक पैसे घेऊन लिहिलंय. तो पगारी नोकर नाही, त्यामुळे लेखी करार नसेल तर कॉपीराइट त्याचाच. हस्तांतर सहीनिशी लेखी करून घे, मुदत आणि प्रदेश दोन्ही स्पष्ट लिही. नाहीतर कायदा मुदत पाच वर्षं आणि प्रदेश भारतापुरता धरतो.

हे सगळं अमान्य झालं तर? तरीही रस्ता आहे. इन्फोसिस १९८१ मध्ये पुण्यात सात जणांनी १०,००० रुपयांवर सुरू केली. स्वतःचा कॉम्प्युटर नव्हता, म्हणून सहकारी अमेरिकेत गिऱ्हाइकाच्या जागी जाऊन काम करत. हक्क मिळत नव्हते, रोख मिळत होती. कैलाश काटकरांची पुण्यात आधी कॅल्क्युलेटर आणि मग कॉम्प्युटर दुरुस्ती होती. भाऊ संजय यांनी लिहिलेला अँटिव्हायरस त्याच उत्पन्नावर उभा राहिला आणि त्यातून क्विक हील ही कंपनी झाली. तूही कंट्रोलर बसवणं आणि वर्षाची देखभाल यांचं वेगळं कोटेशन दे, देखभालीचे पैसे आगाऊ. मालाच्या ॲडव्हान्सवर जीएसटी बिल निघाल्यावरच लागतो, सेवेचा ॲडव्हान्स मात्र मिळताक्षणी करपात्र होतो. दोन्ही रकमा एका पावतीत घालू नकोस.

सोमवारी त्यांना उत्तर द्यायचंय म्हणालास. त्याआधी उद्यम क्रमांक लेटरहेडवर छापून घे, आणि नवा मसुदा आला की पैशांचं आणि हक्कांचं कलम मला आधी पाठव.