कल्पित राज्याचा राजलेखक रंगवताना

तुमच्या कादंबरीतील राजलेखकाला तुम्ही पहिल्याच प्रकरणात जादूची लेखणी दिली आहे. माझा आग्रह असा की, आधी त्याला बोरू तासायला बसवा. आपल्या साताऱ्यात 1708 मध्ये शाहू महाराजांचा राज्याभिषेक झाला, आणि येथील कारभाराची पत्रे ज्या मोडीत लिहिली जात, तिच्यात आधी आडवी शिरोरेघ ओढून मग तिच्याखाली, हात शक्यतो न उचलता, अक्षरे गुंफत जात. काजळ आणि डिंक घोटून केलेली शाई बोटांच्या पेरांत मुरते. ओल्या ओळींवर भुरभुरलेली वाळू घाईने झटकली, तर अक्षरे फरफटतात. मोडी शिकताना माझे अख्खे पान असेच वाया गेले होते. एक अक्षर चुकले तर त्याच्या राज्यात काय बिघडते, हे ठरवून मगच मंत्रांकडे वळा.