पाटल्या, साज आणि सोनं

प्रश्न : सासूबाई गेल्यापासून त्यांच्या पाटल्या आमच्याकडे होत्या. यंदा थोरल्या मुलीच्या लग्नात त्या मोडून तिला कोल्हापुरी साज केला. नणंदबाई लग्नाला आल्या आणि साज बघून रडायलाच लागल्या, ‘आईच्या पाटल्या गेल्या’ म्हणून. मुलगी साजावर खूश. आणि आमचे हे म्हणतात, सोनं घरातच आहे, त्यात रडायचं काय आणि नाचायचं काय! शिवाय नणंदबाई म्हणतात, मला विचारलं नाही. हे म्हणतात, विचारलं होतं. शेजारच्या जैन मावशींना सांगितलं तर म्हणाल्या, यालाच अनेकान्त म्हणतात, ज्याचं त्याचं खरं. सगळ्यांचंच खरं असेल, तर कोणाचंच चुकलं नाही का?
– एक वाचक, जयसिंगपूर

उत्तर : ताई, तुमच्या घरात जे घडलं ते जैन आचार्य समन्तभद्रांनी कित्येक शतकांपूर्वी एका श्लोकात लिहून ठेवलं आहे. ‘आप्तमीमांसे’तला हा ५९वा श्लोक. वर्गात तो शिकवताना माझा आवाज दर वर्षी आपोआप चढायचा :

घटमौलिसुवर्णार्थी नाशोत्पादस्थितिष्वयम् ।
शोकप्रमोदमाध्यस्थ्यं जनो याति सहेतुकम् ॥

सोन्याचा घट मोडून मुकुट घडवला. ज्याला घट हवा होता त्याला दुःख झालं, मुकुट हवा होता त्याला आनंद झाला, आणि ज्याला नुसतं सोनं हवं होतं तो मध्यस्थ राहिला. घटाच्या जागी पाटल्या ठेवा, मुकुटाच्या जागी साज. नणंदबाई, मुलगी आणि यजमान तिघंही श्लोकात आहेत.

यातला शेवटचा शब्द सोडू नका : ‘सहेतुकम्’. तिघांच्या भावनांना कारण आहे, आणि ते कारण वस्तूत आहे. पाटल्या खरोखरच नष्ट झाल्या. साज खरोखरच नवा जन्मला. सोनं खरोखरच टिकलं. उमास्वातींच्या तत्त्वार्थसूत्रात हेच एका ओळीत आलं आहे : ‘उत्पादव्ययध्रौव्ययुक्तं सत्’. जे आहे त्यात उपजणं, नासणं आणि टिकणं ही तिन्ही एकाच वेळी असतात. म्हणजे अनेकपण माणसांच्या डोक्यात नाही, वस्तूतच आहे; अनेकान्त म्हणतात तो याला. मावशींच्या ‘ज्याचं त्याचं खरं’शी माझं पटत नाही ते इथे. तसं असतं तर सत्य माणसागणिक पालटलं असतं आणि आचार्यांना इतके ग्रंथ लिहायचं कारणच उरलं नसतं.

अनेकान्त म्हटलं की लोक लगेच हत्ती आणि आंधळ्यांची गोष्ट सांगतात. बौद्धांच्या ‘उदान’ ग्रंथातही ती आहे. मला ती या कामी अपुरी वाटते, कारण तिच्यात सगळेच न बघता भांडतात. तुमच्या घरात कोणी आंधळं नाही. तिघांनाही जे दिसलं ते नीट दिसलं आहे.

मग चूक कुठं होते? हेमचंद्राचार्यांनी, म्हणजे बाराव्या शतकात, बोलण्याच्या तीन पायऱ्या सांगितल्या : दुर्नय, नय आणि प्रमाण. ‘सोनं आहे’ एवढंच म्हटलं तर तो नय, एका बाजूनं सांगितलेलं खरं. ‘या अपेक्षेनं (म्हणजे या बाजूनं पाहता) सोनं आहे’ असं बाकीच्या बाजूंना जागा ठेवून म्हटलं तर ते प्रमाण. आणि ‘सोनंच आहे, बाकी काही नाही’ म्हटलं की तो दुर्नय. तुमचे यजमान ‘सोनं घरातच आहे’ म्हणाले तोवर त्यांचं बरोबर होतं. ‘त्यात रडायचं काय’ म्हणाले आणि दुर्नयात शिरले. श्लोकातला मध्यस्थ दुसऱ्याच्या शोकाला खोटं म्हणत नाही. आईच्या हातातल्या पाटल्या लहानपणापासून बघितलेल्या बाईला वजनाचा हिशेब ऐकवणं हे माध्यस्थ्य नाही, असं मला अगदी मनापासून वाटतं. (नणंदबाई ‘आता घरात आईचं काहीच उरलं नाही’ म्हणाल्या असतील, तर तोही दुर्नयच.)

आता विचारलं की नाही, हे. हा प्रश्न अगदी वेगळ्या जातीचा आहे आणि तो पहिल्यात मिसळू देऊ नका. भगवतीसूत्र या जैन आगमात स्कंदक नावाचा परिव्राजक महावीरांकडे येतो. त्याला पडलेला प्रश्न असा, की लोक सान्त की अनन्त, म्हणजे जगाला अंत आहे की नाही? महावीर ‘दोन्ही बरोबर’ म्हणून त्याला वाटेला लावत नाहीत. ते प्रश्न फोडतात : द्रव्यानं (वस्तू म्हणून) सान्त, क्षेत्रानं (विस्तारानं) सान्त, कालानं अनन्त, भावानं (गुण-अवस्थांनी) अनन्त. चार ठिकाणी चार ठाम उत्तरं, एकही गुळमुळीत नाही. स्याद्वादातला, म्हणजे प्रत्येक विधान अपेक्षेसह मांडायच्या जैन पद्धतीतला, ‘स्यात्’ अशी अपेक्षा सांगतो; तो ‘कदाचित’ नव्हे. म्हणून तर पुढच्या जैन तर्कपंडितांनी ‘स्यादस्त्येव’ असं लिहिलं : या अपेक्षेनं आहेच.

तेव्हा यजमानांना असंच फोडून विचारा. कधी विचारलं? फोनवर की समोर? ‘आईचं सोनं कधीतरी मोडावं लागेल’ एवढं मोघम, की ‘या लग्नात पाटल्या मोडतोय, चालेल ना’ असं स्पष्ट? मोघम बोलले असतील तर त्या अर्थानं विचारलं, आणि या पाटल्यांबद्दल विचारलं नाही. नणंदबाईंचं म्हणणं खरं ठरतं. काहीच बोलले नसतील तर ‘विचारलं होतं’ हे खोटं आहे, आणि त्याला अनेकान्ताचा आधार नाही. खोट्यासाठी जैनांनी मानलेल्या सात नयांमध्ये कुठंही जागा केलेली नाही. पाटल्या किती तोळ्यांच्या होत्या यावर उद्या वाद झाला तर सराफाची मोडीची पावती काढा, समन्तभद्रांना मध्ये आणू नका.

शंकराचार्यांनी ब्रह्मसूत्रभाष्यात (२.२.३३) जैनांवर आक्षेप घेतला, की एकाच वस्तूत विरुद्ध धर्म एकदम राहू शकत नाहीत, आणि सगळंच असं डळमळीत असेल तर तुमचा सिद्धांत तरी पक्का कसा? आक्षेप वजनदार आहे. पण तो ‘ज्याचं त्याचं खरं’ या मताला लागतो. अपेक्षा नीट सांगितली की विरोध उरत नाही.

आधी नणंदबाईंकडे जा, आणि यजमानांना बरोबर न्या.

प्रश्न : सप्तभंगीत भंग सातच का? आठवा का नाही?
– गणिताचे एक शिक्षक, मिरज

उत्तर : सप्तभंगी म्हणजे एका वस्तूबद्दल अपेक्षेनुसार करता येणारी सात विधानं; त्यातलं एकेक विधान म्हणजे भंग. वरचाच साज घ्या. साज म्हणून तो आहे : अस्ति. पाटली म्हणून तो नाही : नास्ति. ही दोन्ही एकामागून एक सांगता येतात, पण एकाच शब्दात एकदम सांगता येत नाहीत : अवक्तव्य. ही तीन मुळं. एकेकटी तीन, दोन-दोनच्या जोड्या तीन, तिन्ही मिळून एक. तुम्ही गणिताचे, म्हणून सांगतो, संख्याशास्त्रज्ञ प्रशांतचंद्र महालनोबिसांनी १९५४ साली आणि जीवशास्त्रज्ञ जे. बी. एस. हाल्डेन यांनी १९५७ साली संख्याशास्त्राच्या अंगानं या सात विधानांवर लिहिलं आहे. मात्र मुलांना शिकवताना आकड्यांपासून सुरुवात करू नका. आधी प्रत्येक भंगाला एक खरी वस्तू शोधून द्यायला सांगा. आणि आठवा भंग हवाच असेल, तर आधी चौथं मूळ दाखवावं लागेल.