केरी जेम्स मार्शल यांच्या चित्रांतली माणसं इतकी काळी का असतात? आणि ती एवढ्या किमतीला का विकली जातात?

केरी जेम्स मार्शल हे अमेरिकेतले कृष्णवर्णीय चित्रकार. त्यांची चित्रं मोबाईलवर पाहताना चेहरे नुसते काळे ठिपके वाटतात, नाकडोळेही नीट उमगत नाहीत. छापील फोटोतही तसंच होतं. मी स्वतः ॲक्रिलिक रंगांत काम करते आणि त्यांचं मोठं प्रदर्शन न्यूयॉर्कला मेट ब्रॉयर या म्युझियममध्ये पाहिलंय, म्हणून आधी त्या काळ्या रंगाबद्दलच सांगते.

मार्शल तीन काळे रंग वापरतात: आयव्हरी ब्लॅक हाडांच्या कोळशाचा, कार्बन ब्लॅक काजळीचा, मार्स ब्लॅक लोखंडाच्या ऑक्साइडचा. ट्यूबमधून काढल्यावर तिन्ही सारखेच दिसतात, पण शेजारी शेजारी लावले की एक निळसर वाटतो, दुसरा तपकिरीकडे झुकतो. ते यात कोबाल्ट निळा, हिरवा, जांभळा मिसळतात. त्यामुळे कॅनव्हाससमोर उभं राहिलं की गालाचा उंचवटा, मानेची घडी, कानामागची सावली सगळं एकेक करून दिसायला लागतं. ते अंगाला पांढरा मिसळून उजळ करत नाहीत. आम्हाला चित्रकलेच्या वर्गात 'काळा वापरू नका, चित्र मरतं' असं सांगायचे. ज्यांना हे शिकवलंय त्यांनी ही चित्रं जरूर पाहावीत.

त्यांचा जन्म 1955 चा, अलाबामातल्या बर्मिंगहॅमचा. 1963 मध्ये कुटुंब लॉस एंजेलिसच्या वॉट्स भागात आलं, आणि दोनच वर्षांनी तिथे मोठी दंगल पेटली. चार्ल्स व्हाइट या कृष्णवर्णीय चित्रकाराचं काम त्यांनी लहानपणीच पाहिलं होतं. पुढे ओटिस आर्ट इन्स्टिट्यूटमध्ये ते त्यांच्याच हाताखाली शिकले. 1980 साली त्यांनी वहीच्या पानाएवढं एक चित्र एग टेम्पराने, म्हणजे अंड्याच्या बलकात कालवलेल्या रंगांनी केलं: काळ्या पार्श्वभूमीवर काळा माणूस, ठळक दिसतात ते डोळ्यांचा पांढरा भाग, पांढरा शर्ट आणि एक दात पडलेलं हसू. तिथून हा काळा रंग त्यांनी सोडला नाही.

कारण सरळ आहे. म्युझियममध्ये भिंतीभर टांगलेल्या मोठ्या चित्रांत कृष्णवर्णीय माणसं जवळजवळ नसतातच, असली तर नोकर म्हणून. मार्शल यांनी तीच मोठी मापं घेतली आणि त्यात न्हाव्याचं दुकान, सरकारी वसाहतीतल्या बागा, पिकनिक, ब्यूटी पार्लर रंगवलं. पार्लरचं 2012 चं चित्र मला सगळ्यात आवडतं. जमिनीलगत एक पिवळ्या केसांचं, वेडंवाकडं ताणलेलं डोकं तरंगतं. बाजूला जाऊन तिरकं पाहिलं की ती डिस्नेच्या कार्टूनपटातली गोरी राजकन्या, स्लीपिंग ब्यूटी निघते. होल्बाइन या जुन्या जर्मन चित्रकाराने 1533 च्या चित्रात कवटीसाठी हीच युक्ती वापरली होती. पार्लरमधल्या बायका तिच्याकडे ढुंकूनही पाहत नाहीत. एक लहान मूल तेवढं वाकून बघतंय. सौंदर्य म्हणजे काय हे कोण ठरवतं, यावर इतकं नेमकं चित्र मी दुसरं पाहिलेलं नाही.

आता किमतीचं. 'पास्ट टाइम्स' हे 1997 चं चित्र शिकागोच्या एका सार्वजनिक संस्थेने 25 हजार डॉलरला घेतलं होतं. 2018 मध्ये ते लिलावात 2 कोटी 11 लाख डॉलरला गेलं. हा पैसा विकणाऱ्या संस्थेचा, चित्रकाराचा नव्हे. त्याच वर्षी शिकागो महापालिकेने ग्रंथालयासाठी त्यांच्याकडून करून घेतलेलं भित्तिचित्रही लिलावात काढायचं ठरवलं. मार्शल यांनी उघड टीका केली आणि महापालिकेला माघार घ्यावी लागली. मला तर लिलावाच्या आकड्यापेक्षा दुसराच आकडा महत्त्वाचा वाटतो. वॉशिंग्टन नॅशनल कॅथेड्रल या मोठ्या चर्चमधून गुलामगिरीच्या बाजूने लढलेल्या सेनापतींच्या रंगीत काचा काढल्या, तेव्हा नव्या काचांची रचना मार्शल यांनी केली. 2023 मध्ये त्या बसल्या, आणि त्यांनी मानधन घेतलं 18 डॉलर 65 सेंट. 1865 हे अमेरिकेत गुलामगिरी कायद्याने संपल्याचं वर्ष.